ड्रिल खाली ठेवल्यानंतरचं काम: अमेरिकेत ईएफडीए होताना

डॉक्टरांनी कीड काढली, पोकळी तयार केली, हँडपीस जागेवर ठेवला आणि ते शेजारच्या खोलीतल्या पेशंटकडे गेले. मागे उरलेलं काम थोडं नसतं. दाढेभोवती मॅट्रिक्स बँड, म्हणजे पातळ पट्टी लावायची, दोन दातांमध्ये वेज, म्हणजे छोटी पाचर बसवायची, फिलिंग भरायचं, दाढेला दाढेसारखा आकार द्यायचा आणि बाइट जुळवायची. अमेरिकेतल्या अनेक राज्यांत हे सगळं डेंटल असिस्टंटला कायद्याने करता येतं. अट एवढीच, की तिच्याकडे त्या राज्याची परवानगी हवी. अशा असिस्टंटला बहुतेक ठिकाणी ‘एक्स्पांडेड फंक्शन्स डेंटल असिस्टंट’, म्हणजे ईएफडीए म्हणतात. बोलताना सरळ ‘एफ्डा’.

आपल्याकडे अशी पायरीच नाही. १९४८ च्या दंतवैद्यक कायद्यात नोंदणी होती ती डेंटिस्टची, हायजिनिस्टची आणि मेकॅनिकची. असिस्टंट त्यात कुठेच नव्हता. पुण्या-नाशिकच्या क्लिनिकमध्ये सक्शन धरणं, सिमेंट मळणं, ऑटोक्लेव्ह लावणं हे बहुतेकजण कामावरच शिकतात. त्यामुळे लग्नानंतर अमेरिकेत गेलेल्या आणि तिकडे हाताला काम शोधणाऱ्या बीडीएस मुलींना ईएफडीएचं कौतुकही वाटतं आणि गोंधळही होतो. जे आपण कॉलेजच्या तिसऱ्या-चौथ्या वर्षात केलं, त्याच्यासाठी पुन्हा कोर्स कशाला, हा प्रश्न रास्त आहे. उत्तर दोन भागांत आहे: एक कायद्याचा भाग, दुसरा हाताचा.

परवानगी देतं कोण

देशभर चालणारं ईएफडीए लायसन्स नावाची गोष्टच नाही. प्रत्येक राज्याचा डेंटल प्रॅक्टिस अॅक्ट वेगळा, प्रत्येकाचं डेंटल बोर्ड वेगळं, आणि कामांची यादीही वेगळी.

पेनसिल्व्हेनिया घ्या. तिथला ईएफडीए डॉक्टरांच्या थेट देखरेखीखाली रबर डॅम (दात कोरडा ठेवणारा रबरी पडदा) लावतो, मॅट्रिक्स आणि वेज बसवतो, लायनर-बेस (फिलिंगखालचा संरक्षक थर) लावतो, अमाल्गम (पाऱ्याचं चंदेरी मिश्रण) दाबून भरतो आणि कोरतो, काँपोझिट (दातांच्या रंगाचं रेझिन) भरून फिनिश करतो, सीलंट लावतो. पण इम्प्रेशन, म्हणजे दातांचा ठसा, घ्यायचं ते स्टडी मॉडेलसाठी किंवा खेळाडूंच्या माउथगार्डसाठी; क्राउनचं फायनल इम्प्रेशन त्याच्या हातात नाही. कॅलिफोर्नियात याच पायरीवरच्या माणसाला आरडीएईएफ (रजिस्टर्ड डेंटल असिस्टंट इन एक्स्टेंडेड फंक्शन्स) म्हणतात. तो हिरडी मागे सारायला तिच्यात कॉर्ड (दोरा) भरतो, फायनल इम्प्रेशन घेतो, कायमचा क्राउन जुळवून सिमेंटने बसवतो, रूट कॅनालमधला मास्टर पॉइंट (पोकळी भरणारी मुख्य काडी) सुद्धा सिमेंट करतो. तिथे पोचायला आधी आरडीए (रजिस्टर्ड डेंटल असिस्टंट) लायसन्स लागतं, आणि मग बोर्डाने मान्य केलेला निदान ४१० तासांचा कोर्स. म्हणजे पिट्सबर्गमध्ये वर्षानुवर्षं फिलिंग भरणारी बाई सॅन होजेला राहायला गेली, की जवळजवळ पहिल्यापासून सुरुवात. इंडियन हेल्थ सर्व्हिस (अमेरिकेतल्या मूळनिवासींसाठीची सरकारी आरोग्यसेवा) आपल्या दवाखान्यांसाठी ईएफडीए स्वतः तयार करते. ती केंद्र सरकारची जागा असल्यामुळे तिथलं प्रशिक्षण बाहेरच्या खासगी क्लिनिकमध्ये आपोआप चालत नाही.

म्हणून कोर्सची जाहिरात वाचण्याआधी राज्याच्या बोर्डाच्या संकेतस्थळावर दोन गोष्टी शोधा: असिस्टंटला सोपवता येणाऱ्या कामांची यादी आणि मान्यताप्राप्त कोर्सची यादी. ‘एक्स्पांडेड फंक्शन्स’ हे नाव लावून विकले जाणारे ऑनलाइन कोर्स भरपूर आहेत. सर्टिफिकेट छान छापलेलं असतं, पण बोर्डाच्या यादीत नाव नसेल तर ते भिंतीवर लावायला.

देखरेखीचे शब्द पाठ असायला हवेत, कारण लेखी परीक्षेत आणि नोकरीत दोन्हीकडे तेच आडवे येतात. जनरल देखरेखीत डॉक्टरांनी काम सांगून ठेवलेलं असतं, ते इमारतीत नसले तरी चालतं. इनडायरेक्टमध्ये ते क्लिनिकमध्ये हवेत. डायरेक्टमध्ये ते क्लिनिकमध्ये हवेतच, आणि पेशंट खुर्चीवरून उठण्याआधी त्यांनी तुमचं काम स्वतः तपासायला हवं. फिलिंग भरण्याचं काम बहुतेक राज्यांत डायरेक्टखाली येतं.

निदान करणं, उपचार ठरवणं, दात किंवा हिरडी कापणं आणि औषध लिहून देणं ही कामं मात्र सोपवताच येत नाहीत. भुलीचं इंजेक्शनही बहुतेक राज्यांत नाहीच. इथे बीडीएसवाल्यांचा हात अडखळतो. पोकळीत वेजच्या बाजूला, हिरडीकडच्या कडेला मऊ तपकिरी ठिपका, म्हणजे राहिलेली कीड, दिसतो. स्पून एक्स्कॅव्हेटर, म्हणजे कीड खरवडायचं चमच्यासारखं अवजार, ट्रेमध्येच असतो. दोन वेळा खरवडलं की काम संपलं, असं वाटतं. ते करायचं नाही. मॅट्रिक्स सोडायचा आणि डॉक्टरांना बोलवायचं. पोकळीच्या तळाशी गुलाबी ठिपका किंवा रक्त दिसलं तरी तेच. ते बाजूच्या खोलीतून कपाळाला आठ्या घालून येतील, येऊ द्या. खरवडणं म्हणजे दात कापणं, आणि तुमच्या नावावर तेवढी परवानगी नाही.

सीडीएपासून सुरुवात

बऱ्याच राज्यांत ईएफडीएच्या कोर्सला बसण्याआधी मूळ असिस्टंटचं प्रमाणपत्र मागतात. ते देतं डेंटल असिस्टिंग नॅशनल बोर्ड, म्हणजे डीएएनबी. १९४८ पासूनची संस्था, कार्यालय शिकागोत. त्यांचं मुख्य प्रमाणपत्र सीडीए, म्हणजे सर्टिफाइड डेंटल असिस्टंट. त्याचे तीन पेपर: एक्स-रेची सुरक्षितता, संसर्ग नियंत्रण आणि चेअरसाइड, म्हणजे पेशंटच्या खुर्चीशेजारचं काम. तिन्ही संगणकावर, पर्यायी उत्तरांचे. गुण १०० ते ९०० च्या मापावर मोजतात, पास व्हायला ४०० लागतात. प्रश्न तुमच्या आधीच्या उत्तरांप्रमाणे सोपे-अवघड होत जातात, त्यामुळे पेपर अवघड वाटला म्हणून घाबरायचं कारण नाही. उलट तो अवघड वाटणं बरं.

सीडीएला बसायचे रस्ते वेगवेगळे आहेत. मान्यताप्राप्त डेंटल असिस्टिंग कोर्स केलेला असला तर सरळ. नसला तर हायस्कूल पूर्ण आणि ३,५०० तासांचं असिस्टंटचं काम. तिसरा रस्ता अमेरिकेबाहेर दंतवैद्यकाची पदवी घेतलेल्यांसाठी, म्हणजे बीडीएससाठीही, खुला आहे. तो अनेकींना माहीतच नसतो, आणि त्या उगाच तास मोजत बसतात. तिन्ही रस्त्यांवर सीपीआर लागतं, आणि ते पुतळ्यावर हाताने दाबून दाखवलेलं. निव्वळ ऑनलाइन सीपीआरचं कार्ड डीएएनबी घेत नाही. अर्ज अडकण्याचं हे अगदी फुटकळ पण हमखास कारण.

बीडीएसवाल्यांना संसर्ग नियंत्रणाचा पेपर सोपा वाटतो आणि तोच अंगाशी येतो. आपल्या पुस्तकांतलं निर्जंतुकीकरण आणि अमेरिकेतल्या सीडीसी या रोगनियंत्रण केंद्राच्या सूचना यांत शब्दांचा फरक आहे. क्रिटिकल, सेमी-क्रिटिकल आणि नॉन-क्रिटिकल अशी अवजारांची वर्गवारी. ऑटोक्लेव्हची स्पोअर टेस्ट निदान आठवड्यातून एकदा. डेंटल युनिटच्या पाण्यात जिवाणू प्रति मिलिलिटर ५०० सीएफयू (जिवाणूंच्या वसाहती मोजायचं एकक) पर्यंतच चालतात. पेशंट बदलताना हँडपीसमधून २० ते ३० सेकंद पाणी-हवा सोडणं. हे आकडे जसेच्या तसे विचारले जातात. ‘आमच्या कॉलेजात असं करायचे’ हे उत्तर पर्यायांत नसतं.

डीएएनबीचं सीआरएफडीए नावाचं आणखी एक प्रमाणपत्र आहे, ते खास फिलिंग भरण्यासारख्या वरच्या कामांसाठी. तेही संगणकावरचंच. ते चांगलं आहे, पण एका गोष्टीत फसू नका: राष्ट्रीय प्रमाणपत्र म्हणजे राज्याची परवानगी नव्हे. ते आपल्या राज्यात चालतं का, हे बोर्डच सांगणार.

पेनसिल्व्हेनियात लेखी परीक्षा डीएएनबीच घेतं. ओहायोत लेखीबरोबर पुतळ्याच्या जबड्यावर प्रत्यक्ष भरून दाखवावं लागतं. त्यासाठी हात तयार लागतो.

हात

कोर्समधला सगळ्यात जास्त वेळ क्लास टू फिलिंगवर जातो आणि जायलाच हवा. दोन दाढांच्या मधली पोकळी. वरून सगळं छान दिसतं आणि बिघाड असतो तो मध्ये, जिथे डोळा पोचत नाही.

आधी टॉफलमायर, म्हणजे बँड धरून ठेवणारा रिटेनर. रिटेनरच्या डोक्यावरच्या तिरक्या फटी हिरडीकडे तोंड करून असल्या पाहिजेत. उलट लावला तर काढताना बँड सैल करून रिटेनर वर उचलता येत नाही आणि ओढाताणीत ताजं फिलिंग तुटतं. बँडचा वर्तुळाकार फास एका बाजूला रुंद, एका बाजूला अरुंद. अरुंद बाजू हिरडीकडे. बँडची जाडी ०.०३८ किंवा ०.०५ मिलिमीटर. बँड पोकळीच्या खालच्या कडेच्या अर्धा ते एक मिलिमीटर खाली उतरला पाहिजे आणि शेजारच्या मार्जिनल रिजच्या (दाढेच्या वरच्या कडेच्या उंचवट्याच्या) साधारण एक मिलिमीटर वर राहिला पाहिजे. फार वर ठेवला तर कंडेन्सर (माल दाबायचं अवजार) आत जात नाही, आरसा धरायला जागा उरत नाही.

मग वेज. तो बसवायचा मोठ्या एम्ब्रेझरमधून (दोन दातांमधल्या त्रिकोणी फटीतून), म्हणजे बहुतेक वेळा जिभेच्या बाजूने. वेज दोन कामं करतो आणि दुसरं काम लोक विसरतात. पहिलं, बँडची खालची कड दाताला घट्ट चिकटवणं, म्हणजे माल बाहेर पडत नाही. दुसरं, दोन दात किंचित दूर सारणं. बँडची जाडी ही शेवटी दोन दातांमधली फटच असते. वेजने ती भरून काढली नाही तर बँड काढल्यावर तेवढी फट तिथे कायमची राहते. पेशंटला जेवताना तिथे मेथीची काडी अडकते आणि तो आठवड्याने परत येतो. वेज बसवल्यावर रिटेनरचा स्क्रू पाव फेरा सैल करा आणि बॉल बर्निशरने (गोल टोकाच्या अवजाराने) बँड आतून शेजारच्या दातावर दाबून घासा. दाढेत काँटॅक्ट, म्हणजे शेजारच्या दाताला टेकणारी जागा, येतो तो वरच्या आणि मधल्या तिसऱ्या भागाच्या जोडावर. बँडवर तिथेच चकाकणारा ठिपका दिसला पाहिजे. खाली दिसला तर आकार चुकीचा, फारच वर दिसला तर रिज तुटणार.

इथपर्यंतचं अमाल्गमला पुरतं, कारण अमाल्गम दाबलं की ते बँडला शेजारच्या दातावर ढकलतं. काँपोझिट तसं ढकलत नाही. ते कितीही दाबा, बाजूने वर येतं. म्हणून काँपोझिटसाठी सेक्शनल मॅट्रिक्स आणि रिंग. बँडचा छोटा, आधीच फुगीर आकार दिलेला तुकडा फक्त एका बाजूला बसतो, आणि रिंगची ताकद दात वेगळे करते. यात ठरलेली चूक: पोकळी गालाकडे किंवा जिभेकडे जास्त रुंद असते आणि रिंगचे पाय पोकळीच्या आतच घसरतात. मॅट्रिक्स आत दबतो आणि दाढेचा तो भाग चपटा होतो. रिंग लावल्यावर वरून आरसा धरून बघायचं, की मॅट्रिक्सची कड दाताच्या मूळ गोलाईशी एक रेघ धरून आहे का. नसेल तर रिंग बदला. सिलिकॉनचे रुंद पाय असलेल्या रिंग याचसाठी आहेत.

आता बाँडिंग, म्हणजे काँपोझिट दाताला चिकटवणं. आधी एच करायचं: ३७ टक्के फॉस्फोरिक अॅसिड एनॅमलवर (दाताच्या बाहेरच्या थरावर) १५ ते ३० सेकंद, डेंटिनवर (त्याच्या आतल्या थरावर) १५ च्या पुढे नाही. धुवा. मग इथे हात सांभाळायचा: हवेने डेंटिन खडखडीत वाळवलं तर कोलॅजनचे धागे आडवे पडतात आणि बाँड आत शिरत नाही. त्याच पेशंटचा रात्री फोन येतो, की थंड पाणी लागलं की कळ जाते. डेंटिनवर ओलसर चकाकी ठेवा, पण पाण्याचं डबकं नको. बाँड (चिकटवणारा द्रव) घासून लावायचा, उत्पादकाने दिलेल्या वेळेइतका. सहसा २० सेकंद. मग हलक्या हवेने पातळ करायचा, जोवर त्यावर लाटा उठायच्या थांबत नाहीत. कोपऱ्यात साठलेला बाँड क्युअर झाला (दिव्याच्या उजेडाने कडक झाला), तर पुढच्या एक्स-रेवर तो काळा दिसतो आणि दुसरा डॉक्टर तिथे कीड राहिली म्हणतो.

भरताना थर दोन मिलिमीटरचा. बल्क-फिल असेल तर चार, पण पुडक्यावर जे लिहिलंय तेच खरं. पहिल्यांदा प्रॉक्सिमल, म्हणजे शेजारच्या दाताकडची भिंत उभी करायची, म्हणजे क्लास टूचं क्लास वन (फक्त वरून उघडी पोकळी) होतं आणि मग मॅट्रिक्स काढूनही पुढचं भरता येतं. थर तिरके घाला, एकाच थराने समोरासमोरच्या दोन भिंती जोडू नका; रेझिन आकसतं आणि दोन्ही भिंतींना आत खेचतं. क्युअर करणाऱ्या लाइटचं टोक बॉक्सच्या (दोन दातांमधल्या खोल भागाच्या) तळापासून सहा-आठ मिलिमीटर दूर राहतं, तिथे उजेड खूपच कमी पोचतो. म्हणून पहिल्या थराला वेळ वाढवा आणि मॅट्रिक्स काढल्यावर गालाच्या आणि जिभेच्या बाजूने पुन्हा क्युअर करा. रेडिओमीटरने (उजेडाची ताकद मोजणाऱ्या यंत्राने) लाइट अधूनमधून मोजायचा असतो. टोकावर वाळलेल्या काँपोझिटचा पापुद्रा बसला असेल तर दिवा निळा दिसतो आणि माल खाली कच्चाच राहतो.

आणि थुंकी. एच केलेल्या एनॅमलवर एक थेंब पडला तरी धुऊन पुन्हा एच. रबर डॅमला पर्याय म्हणून कापसाच्या गुंडाळ्या सांगणारे डॉक्टर भेटतील. खालच्या दुसऱ्या दाढेत त्या किती टिकतात ते पाहूनच ठरवा. डॅम दातावर धरणाऱ्या क्लँपला फ्लॉस (दातांमधला दोरा) बांधल्याशिवाय तो तोंडात न्यायचा नाही. क्लँप तुटतात, आणि तुटलेला तुकडा घशाकडे जातो.

अमाल्गम क्लिनिकमध्ये झपाट्याने कमी होतंय. युरोपीय संघाने १ जानेवारी २०२५ पासून ते जवळजवळ बंदच केलं, आणि अमेरिकेतही १४ जुलै २०२० पासून ते वापरणाऱ्या बहुतेक क्लिनिकना सांडपाण्यात अमाल्गम सेपरेटर सक्तीचा आहे. तरी शिकणं मात्र सुटत नाही, आणि ते बरंच आहे, कारण कोरायला त्याच्याइतकं काही शिकवत नाही. छोट्या कंडेन्सरने आधी बॉक्सचे कोपरे, मग वर. साधारण एक मिलिमीटर जास्त भरायचं. बँड काढण्याआधी एक्स्प्लोररचं (तपासणीच्या टोकदार अवजाराचं) टोक बँडला टेकवून रिजची कड गोल करून घ्यायची; हे राहिलं तर बँडबरोबर रिज येतो. बँड सरळ वर ओढायचा नाही, गालाकडे-जिभेकडे तिरका सरकवत काढायचा. हॉलनबॅक कार्व्हरचं (कोरायच्या अवजाराचं) पातं अर्धं दातावर, अर्धं अमाल्गमवर टेकवून फिरवायचं, म्हणजे दाताचा उतारच पात्याला वाट दाखवतो. खोबणी खोल कोरायची हौस आवरा. दिसायला सुरेख, पण अमाल्गम तिथे पातळ होतं आणि तिथूनच चिरतं.

तपासणीला तीन साधनं: फ्लॉस, एक्स्प्लोरर, आर्टिक्युलेटिंग पेपर (चावल्यावर खूण उमटवणारा रंगीत कागद). फ्लॉस ‘टक्’ आवाज करून आत जायला हवा, तसाच बाहेर यायला हवा. फ्लॉसचे धागे निघत असतील तर खाली ओव्हरहँग, म्हणजे दाताबाहेर आलेला माल, आहे. एक्स्प्लोरर फिलिंगवरून दाताकडे आणि दाताकडून फिलिंगकडे, दोन्ही दिशांनी फिरवा. एकाच दिशेने अडकलं तर पायरी कोणत्या बाजूची आहे तेही कळतं. आर्टिक्युलेटिंग पेपर शक्यतो भूल देण्याआधीही एकदा लावून घ्या, म्हणजे मूळच्या खुणा लक्षात राहतात. भूल चढलेला पेशंट ‘बाइट बरोबर आहे’ म्हणतो त्याला काडीचाही अर्थ नसतो.

ज्या राज्यांत कॉर्ड आणि इम्प्रेशन चालतं, तिथे एकच गोष्ट आधी सांगतो: पीव्हीएस या ठसा घ्यायच्या सिलिकॉन मालाला लेटेक्स हातमोज्यांनी हात लावू नका, हिरडीलाही नाही. लेटेक्समधल्या गंधकाने माल कडेला नीट जमत नाही, आणि नेमकी मार्जिनच (क्राउनची कड) चिकट आणि अस्पष्ट येते. तात्पुरत्या क्राउनचं बिस-अॅक्रिल हे प्लास्टिक रबरासारखं असतानाच एकदा वर-खाली हलवून घ्यायचं. पूर्ण कडक होऊ दिलं तर शेजारच्या दातांच्या अंडरकटमध्ये (फुगीर भागाखालच्या खाचेत) अडकतं आणि कापून काढावं लागतं.

पुतळ्यावरची परीक्षा

टायपोडाँटचे, म्हणजे सरावाच्या कृत्रिम जबड्याचे दात प्लास्टिकचे. प्लास्टिक काँपोझिटपेक्षा मऊ असतं, त्यामुळे फिनिशिंग बर (ड्रिलचं घासणारं टोक) दाताला आधी खातो आणि फिलिंग उलट उंचच राहतं. बरला दातावर आडवा टेकू देऊच नका. डिस्क आणि कार्व्हर जास्त वापरा. शेजारच्या दाताला ओरखडा पडला तर बऱ्याच परीक्षांत ती गंभीर चूक धरतात, आणि एच केल्याने प्लास्टिक खरखरीत होत नाही, त्यामुळे बाँड नीट न धरल्यास सबंध फिलिंग उचकटून येतं.

सुरू करण्याआधी जबड्यातल्या प्रत्येक दाताचा स्क्रू आवळा. सैल दात वेजच्या दाबाने सरकतो, तुम्हाला काँटॅक्ट घट्ट वाटतो, आणि परीक्षकाने टायपोडाँट हातात घेतला की दात जागेवर येऊन तिथे फट दिसते. सराव करताना फिलिंग संपल्यावर दात काढा आणि खालची कड उजेडात धरून बघा. तोंडात बसलेल्या दातात ही सोय कधीच मिळत नाही, तोवर फायदा घ्यावा. नापास करणाऱ्या चुका बहुतेक सगळीकडे त्याच: उघडा काँटॅक्ट, ओव्हरहँग, तुटलेला रिज, पोकळीच्या कडेला कमी भरलेला माल, उंच बाइट. अतिसुंदर खोबण्यांना फारसे गुण नाहीत.

कागद

अर्ज लटकतात ते बहुधा नावावरून. महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाच्या गुणपत्रिकेवर लग्नाआधीचं आडनाव, पासपोर्टवर नवऱ्याचं नाव मध्ये आणि नवं आडनाव, ड्रायव्हिंग लायसन्सवर मधलं नाव छाटलेलं. परीक्षाकेंद्रावर ओळखपत्रावरचं नाव अर्जावरच्या नावाशी जुळलं पाहिजे. विवाह नोंदणीचं प्रमाणपत्र आणि नावबदलाचा कागद अर्जाबरोबरच पाठवा, विचारल्यावर नव्हे. नाशिकहून ट्रान्सक्रिप्ट यायला वेळ लागतो आणि बऱ्याच ठिकाणी ते सीलबंद लागतं किंवा मूल्यांकन संस्थेकडे थेट जावं लागतं. कोर्सला नाव घालण्याआधीच ते मागवून ठेवावं.

व्हिसाचंही तसंच. एच-४ (एच-१बी व्हिसावाल्याच्या जोडीदाराचा व्हिसा) वर शिकता येतं, कॉलेजात कोर्स करता येतो. काम करायला मात्र ईएडी (काम करण्याचं परवानगीपत्र) लागतं, आणि ते एच-४ वर असलेल्या सगळ्यांना मिळत नाही. सहसा जोडीदाराचं आय-१४० (ग्रीन कार्डसाठी कंपनीने केलेला अर्ज) मंजूर झालेलं असावं लागतं. कोर्सच्या क्लिनिकल तासांसाठी डॉक्टर शोधताना ‘पगार नको, नुसतं काम करू दे’ हा तोडगा आधी वकिलाला विचारा. क्लिनिकल तासांची वही रोजच्या रोज भरा आणि त्याच दिवशी डॉक्टरांची सही घ्या. त्यांनी क्लिनिक विकलं किंवा ते निवृत्त झाले, तर मागच्या तारखांच्या सह्या कोणी करत नाही.

लायसन्स मिळाल्यावर

सीडीए दर वर्षी नवं करायचं, वर्षाला १२ क्रेडिट. पेनसिल्व्हेनियात ईएफडीएला दोन वर्षांत १० तास, आणि बालकांच्या छळाची लक्षणं ओळखून कळवण्याचं प्रशिक्षण. ओहायोची नोंदणीही दोन वर्षांची. तारखा वेगवेगळ्या असतात आणि आठवण करून द्यायला बोर्डाची ई-मेल आलीच पाहिजे असं नाही.

चार्टमध्ये काय लिहायचं, याची क्लिनिकमध्ये पहिल्याच दिवशी चौकशी करा. दात क्रमांक, पृष्ठभाग, लायनर, बाँड, काँपोझिटची शेड, कोणी भरलं आणि कोणी तपासलं. शेवटच्या नोंदीत डॉक्टरांची सही नसेल तर पुढे वाद झाल्यावर डायरेक्ट देखरेख होती हे दाखवता येत नाही.

आणि एक प्रसंग जवळजवळ प्रत्येक गजबजलेल्या क्लिनिकमध्ये येतो. डॉक्टर शेजारच्या इमारतीत मीटिंगला जातात, दोन खुर्च्यांवर पेशंट मॅट्रिक्स लावून बसलेले असतात आणि रिसेप्शनवरून सांगितलं जातं, ‘तू भरून टाक, ते आल्यावर बघतील.’ डायरेक्ट देखरेखीच्या राज्यात यावेळी भरायचं नाही. पेशंटला सांगा की दहा मिनिटं थांबावं लागेल, बँड आणि डॅम काढून पोकळीवर ओलसर कापूस ठेवा, आणि डॉक्टरांना फोन लावा. ते आले की मॅट्रिक्स पुन्हा लावा. एकदा काढलेला वेज परत वापरू नका, तो चेपलेला असतो आणि दुसऱ्यांदा दात तेवढे वेगळे करत नाही.